स्वप्नांची मोजणी करणारा पंथ : घाटावर बसवू की आणखी कुठे?

मोजणीदार (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी,

चार वर्षं एक कादंबरी डोक्यात घेऊन फिरतोय. तिच्यात एक प्राचीन पंथ आहे, पूर्णपणे माझ्या मनातला. त्या लोकांचं काम एकच, स्वप्नांचे नकाशे काढायचे. अर्थ सांगायचा नाही, शकुन बघायचा नाही. कोण कुठे गेलं, वाटेत काय लागलं, कुठून माघारी फिरलं, एवढंच टिपून ठेवायचं.

पंथ मी जुन्नरला बसवलाय, सातवाहनांच्या काळात. नाणेघाट चढून आलेला व्यापारी दमलेला असतो, तो तिथल्या लेण्यात झोपतो. घाटमाथ्यावरचा दगडी रांजण जकातीचा, असं आपण लहानपणापासून ऐकत आलोय. माझ्या गोष्टीत जकात भरून झाल्यावर आणखी एक देणं उरतं. रात्री पडलेलं स्वप्न सांगायचं आणि मग पुढची वाट धरायची. काही आठवत नसेल तर 'रिकामा गेला' अशी नोंद होते. अशा नोंदी तीन-चार पिढ्या साठत जातात, आणि एक दिवस पंथातल्या एका पोराच्या लक्षात येतं की कल्याणच्या तांडेलाने सांगितलेला पूल आणि पैठणच्या विणकराने सांगितलेला पूल एकच आहे. दोघांची कधी गाठ पडलेली नाही. नकाशाची सुरुवात तिथून होते.

हे सुचलं आजोबांच्या वहीवरून. आजोबा मोजणी खात्यात होते. आयुष्यभर साखळी ओढली, बांध आणि हद्दी लावल्या. ते गेल्यावर ट्रंकेत लाल कापडी पाठीची एक लांबट वही सापडली. आम्हाला वाटलं हिशेबाची असेल. निघाली स्वप्नांची. आणि लिहायची पद्धत तीच, खरेदीखतात चतुःसीमा लिहितात तशी. एक नोंद जशीच्या तशी देतो :

'पूर्वेस : मामाचे घर (पडलेले, येथे उभे). दक्षिणेस : पाणी, खोली घेता आली नाही. पश्चिमेस : आईचा आवाज. उत्तरेस : जाग.'

पुष्कळ नोंदींत चारातली एक बाजू 'जाग' हीच आहे.

माझी गाडी अडलीय ती नकाशापाशी. हे लोक नकाशा कशावर काढतील? स्वप्नात पूर्व कोणती, हे कसं ठरवतील? अंतर कशाने मोजतील? आणि मुळात असा पंथ आपल्या मातीत शोभेल का, की मी बाहेरून आणून लावलेलं कलम आहे हे? मोकळेपणाने लिहा.

शेवंती

वाचनखूण साठवली. 'पडलेले, येथे उभे' या तीन शब्दांपाशी बराच वेळ थांबले. आमचं वाड्यातलं घर पडून अठरा वर्षं झाली, माझ्या स्वप्नात मी अजून तिथेच राहते.

पेठेतला

कल्पना आवडली, पण इतिहासाच्या अंगाने दोन गोष्टी.

जुन्नरच्या आसपास दोनशेहून अधिक लेणी आहेत आणि ती बौद्ध भिक्खूंसाठी कोरलेली आहेत. विहारातल्या खोल्या बघितल्या असतील तुम्ही. भिंतीलगत दगडातच कोरलेला ओटा, जेमतेम एक माणूस आडवा होईल एवढा. झोपायच्या जागेबद्दल तुमची निवड अगदी चोख आहे. पण भिक्खू स्वप्नाची जकात घेतील हे पटत नाही. दान घेतील, वसुली नाही करणार. व्यापाऱ्यांनी, कारागिरांच्या श्रेणींनी (म्हणजे संघांनी) लेण्यांना दान दिल्याचे लेख भिंतींवर आहेतच. स्वप्न हेही दान असू द्या की. देणाऱ्याने खुशीने द्यावं, न दिल्यास कुणी अडवू नये. पंथाची जातकुळीच बदलेल.

दुसरं म्हणजे जुन्नरच्या लेखांत यवन दात्यांची नावं आहेत. म्हणजे ग्रीक वळणाची माणसं तिथवर पोचली होती. 'बाहेरून आणलेलं कलम' याची फार काळजी करू नका, घाटावरून सगळंच येत होतं.

गलबत

पेठेतला यांचा यवन मला हवाच होता! दोन वर्षांपूर्वी ग्रीसमध्ये एपिडॉरसला गेलो होतो. लोक तिथलं नाट्यगृह बघून परततात, मी शेजारच्या अस्क्लेपिअसच्या देवस्थानात अर्धा दिवस काढला. हा त्यांचा वैद्यकीचा देव. आजारी माणूस तिथे यायचा, स्नान-नैवेद्य करायचा आणि रात्री अबातोन नावाच्या लांबलचक ओवरीत झोपायचा. स्वप्नात देव यायचा, उपचार करायचा किंवा सांगायचा. त्या आवारात सापही सोडलेले असत, बिनविषारी. बरी झालेली माणसं, त्यांचं दुखणं आणि त्यांचं स्वप्न हे सगळं दगडी शिळांवर कोरून ठेवलं जाई. पॉसेनिअस नावाचा प्रवासी दुसऱ्या शतकात तिथे गेला तेव्हा सहा शिळा उरल्या होत्या, असं त्याने लिहून ठेवलंय. त्यातल्या काही आज तिथल्या संग्रहालयात बघायला मिळतात.

म्हणजे 'स्वप्न सांगा, आम्ही नोंदवतो' ही व्यवस्था खरोखरच होती. तुमच्या लेण्यातला एखादा यवन दाता लहानपणी आईबरोबर तिथे झोपून आलेला असेल तर?

रात्रपाळी

मी तेवीस वर्षं रात्रपाळी करतोय, दिवसा झोपतो. माझी स्वप्नं पंथाच्या कुठल्या वहीत जातील? मनापासून विचारतोय. उन्हात पडलेलं स्वप्न आणि अंधारातलं स्वप्न यांत मला फरक जाणवतो. दुपारी माझ्या स्वप्नात शेजाऱ्यांचा मिक्सर असतो, कुकरच्या शिट्ट्या असतात.

आवळकाठी

रात्रपाळी, तुमच्या प्रश्नाचं उत्तर चरकसंहितेत आहे. इंद्रियस्थानात स्वप्नांचे सात प्रकार दिलेत : दृष्ट, श्रुत, अनुभूत, प्रार्थित, कल्पित, भाविक आणि दोषज. म्हणजे पाहिलेलं, ऐकलेलं, अनुभवलेलं, मनात इच्छिलेलं, कल्पनेतलं, पुढे घडणारं आणि वात-पित्त-कफ बिघडल्यामुळे पडलेलं. पहिली पाच निष्फळ, त्यांचं मनावर घेऊ नये. दिवसा पडलेलंही निष्फळच, तसंच फार लांबलेलं किंवा फार आखूड. मिक्सरचं स्वप्न हे 'श्रुत'.

मोजणीदार, अंतराचं कोडं इथेच सुटेल असं वाटतं. आपल्याकडे स्वप्नाला प्रहर लावायची पद्धत जुनी आहे. रात्रीच्या पहिल्या प्रहरातलं उशिरा फळतं, पहाटेचं लवकर. फळतं की नाही हा वाद सोडून द्या. मोजमाप म्हणून बघा. तुमच्या नकाशात कोस नसतीलच, प्रहर असतील. 'पुलापासून विहीर दीड प्रहर.' वाचणाऱ्याला ओळखीचंही वाटेल.

चेतापेशी

आवळकाठींनी वेळ हेच अंतर म्हटलं आणि मला हातातलं काम बाजूला ठेवावं लागलं. मी मेंदूविज्ञानात आहे.

१९७१ मध्ये जॉन ओकीफ यांनी उंदरांच्या मेंदूतल्या हिप्पोकॅम्पस या भागात अशा पेशी दाखवल्या की उंदीर एका ठरावीक जागी आला की त्यातली ठरावीक पेशी पेटते. जागा बदलली की दुसरी. त्या कामाला पुढे २०१४ चं नोबेल मिळालं, मोझर दांपत्याबरोबर. म्हणजे नकाशा डोक्यात असतो हे शब्दशः खरं आहे. पण खरी गंमत पुढची. १९९४ मध्ये विल्सन आणि मॅकनॉटन यांनी दाखवलं की जागेपणी एकत्र पेटलेल्या पेशी उंदीर झोपल्यावर पुन्हा एकत्र पेटतात. २००१ मध्ये लुई आणि विल्सन यांनी रेम झोपेत बघितलं, म्हणजे माणसाची ठसठशीत स्वप्नं जास्त करून ज्या झोपेत पडतात ती. तिथे दिवसा केलेली धाव जवळपास त्याच वेगाने पुन्हा चाललेली दिसली, आणि त्या क्षणी झोपलेला उंदीर वाटेत कुठे आहे हे संशोधकांना सांगता येत होतं.

उंदराला स्वप्न पडत होतं असं मी म्हणणार नाही, त्याने कुणाला सांगितलेलं नाही. पण झोपलेला जीव एखाद्या वाटेवरून चालत असतो, आणि ती वाट बाहेरून वाचता येते, इथपर्यंत आपण आलोय. तुमचा पंथ दोन हजार वर्षांपूर्वी वही घेऊन तेच करतोय. मला तो अजिबात परका वाटला नाही.

जात्यापाशी

इतका वेळ नुसतं वाचत होते. आता एक विचारते. या पंथात बायका कुठे आहेत?

लेण्यात भिक्खू, घाटावर व्यापारी, नोंद करणारं पोरगं. अहो, स्वप्न सांगायची वेळ कुठली? पहाट. पहाटे जागं कोण असायचं? माझी आजी तीन वाजता जात्यावर बसायची, समोर माझी चुलत आजी. खुंट्याला दोघींचे हात. पहिल्या घासाबरोबर ओवी, आणि ओवीत कितीदा तरी सपान. भाऊ दिसला, माहेरची वाट दिसली, वाटेत नदीला पूर. जात्यावरच्या ओव्या लाखाच्या वर गोळा झाल्यात आपल्याकडे. त्या वाचा म्हणजे कळेल की नकाशा काढणाऱ्या बायका होत्या, फक्त त्यांनी कागद वापरला नाही. सासरहून माहेरची वाट आजीने स्वप्नात शंभर वेळा चालून ठेवलेली होती. वाटेत कुठली बाभळ, कुठला ओढा, सगळं पाठ. प्रत्यक्षात ती वर्षातून एकदा जायची.

आणि तुमचं 'अर्थ सांगायचा नाही' हे तर तिथे आपोआप होतं. समोरची अर्थ सांगत नाही, ती दुसरी ओवी म्हणते.

शेवंती

जात्यापाशी, अगदी अगदी. +१०८.

बोरूबहाद्दर

एक हलकं विषयांतर. आमच्या घरी वाईट स्वप्न माणसाला सांगायचं नाही असा आजीचा नियम. परसात जाऊन गाईच्या कानात सांगायचं. गाय नसेल तर वाहत्या पाण्याला. मी दुसरीत असताना दप्तर हरवल्याचं स्वप्न गाईच्या कानात सांगितलं आणि तिने मान हलवली. त्या दिवशी मी फार निश्चिंतपणे शाळेत गेलो.

पेठेतला

बोरूबहाद्दर, पंथाने एक गाय पाळायलाच हवी.

बाय द वे, इथल्या कितीजणांना अजून दहावीच्या गणिताचा पेपर स्वप्नात पडतो? मला पडतो. पेपर सुरू होऊन तास झालाय आणि मी वर्गच शोधतोय.

रात्रपाळी

मला.

शेवंती

मला इतिहासाचा.

गलबत

मलाही, आणि अंगावर गणवेश. नकाशाच्या मधोमध शाळा काढा मोजणीदार. पुलाची वाट बघायला नको, सगळे तिथेच भेटतोय.

रोखठोक

सगळे गोड बोलताहेत, मी जरा कडू बोलतो.

आमच्या गावात एकाला 'दृष्टांत' झाला. देवाने स्वप्नात येऊन म्हणे सांगितलं की अमक्याच्या वावरात मी जमिनीखाली आहे, मला वर काढ. ते वावर माझ्या चुलत्याचं. महिनाभरात तिथे झेंडा, शेड, दानपेटी. चुलता साधा माणूस, देवाला नाही कसं म्हणणार? दोन एकरातली बारा गुंठे गेली ती गेलीच. त्या स्वप्नातही जागा होती, गट नंबर तेवढा नव्हता.

म्हणून विचारतो. स्वप्नाला नकाशा मिळाला की त्या नकाशावर हक्क कोण सांगणार? तुमच्या पंथाकडे चार पिढ्यांच्या लोकांची मनं लिहून ठेवलेली आहेत. राजाला त्याचा उपयोग नाही असं वाटतं का तुम्हाला? पंथ चांगला दाखवायचा असेल तर त्याच्यावर हा प्रसंग आणावाच लागेल.

मोजणीदार

रोखठोक, तुमच्या चुलत्यांबद्दल वाचून वाईट वाटलं. आणि तुम्ही बरोबर जागी बोट ठेवलंत. राजाचा माणूस वह्या मागायला येतो असं एक प्रकरण मी लिहून फाडलं होतं, कारण पुढे काय ते सुचत नव्हतं. आता पुन्हा लिहीन.

जात्यापाशी, तुमचा प्रतिसाद घरी मोठ्याने वाचून दाखवला. बायको म्हणाली, 'मी हेच गेली दोन वर्षं सांगतेय.' खरंच सांगत होती.

दौतटाक

राजाचा विषय निघालाच आहे तर टिपू सुलतानाची स्वप्नवही सांगायलाच हवी. टिपू आपली स्वप्नं स्वतःच्या हाताने फारसीत लिहून ठेवायचा. १७८५ ते १७९८ या काळातली सदतीस स्वप्नं त्या वहीत आहेत. १७९९ मध्ये श्रीरंगपट्टण पडल्यावर ती इंग्रजांच्या हाती लागली आणि आज लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहे. आपला संबंध असा की त्यात मराठ्यांशी चाललेल्या युद्धातलंही स्वप्न आहे. सावनूरजवळ हरिपंत फडक्यांच्या फौजेवर रात्री छापा घालण्याआधी काय दिसलं, त्याचा त्याने स्वतः काय अर्थ लावला, आणि पुढे काय घडलं, हे सगळं तो लिहून ठेवतो.

वही गुप्त होती, जवळच्यांनाही ठाऊक नव्हती म्हणतात. राज्य गेलं तेव्हा शत्रूने वाडा घेतला, खजिना घेतला, आणि शेवटी झोपेतलं मनही उचलून नेलं. रोखठोक यांच्या प्रश्नाला याहून मोठा दाखला मला माहीत नाही.

देहूची वाट

रोखठोक, तुमचा राग समजतो, पण 'दृष्टांत' या शब्दाची दुसरी बाजूही याच मातीतली आहे.

एकनाथ महाराजांच्या स्वप्नात ज्ञानेश्वर माउली आली आणि म्हणाली, अजानवृक्षाची मुळी माझ्या कंठाला लागलीय, आळंदीला येऊन काढ. नाथांनी हे स्वतः अभंगात सांगितलंय. ते आळंदीला गेले, समाधीची जागा मोकळी केली, आणि पुढे शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध केली. तीही जागा सांगणारंच स्वप्न. फरक काय? त्या स्वप्नाने नाथांना काही मिळालं नाही, काम मिळालं.

आणि तुकोबांचं स्वप्न बघा. माघ शुद्ध दशमी, गुरुवार. नदीवर स्नानाला जाताना वाटेत बाबाजी भेटले, मस्तकावर हात ठेवला, 'रामकृष्णहरि' मंत्र दिला. जेवायला पावशेर तूप मागितलं, आणि ते द्यायचं तुकोबा स्वप्नात विसरले. मला या पावशेर तुपाचं फार वाटतं. एवढा मोठा अनुग्रह सांगताना माणूस विसरलेल्या तुपाची नोंद ठेवतो. मोजणीदार, तुमच्या पंथाला आदर्श हवा असेल तर हा घ्या. तिथी, वार, वाट, माप, आणि काय राहून गेलं ते.

मोजणीदार

देहूची वाट, आजोबा माळकरी होते. वहीत लिहायची पद्धत त्यांनी तिथूनच घेतली असेल असं आजवर कधी डोक्यात आलं नव्हतं. आज रात्री पुन्हा सगळ्या नोंदी काढून बसणार आहे.

चौदा सुपनं

आमच्याकडे स्वप्नांचा क्रम ठरलेला आहे आणि तो लहान मुलांनाही पाठ असतो. महावीरांच्या जन्मापूर्वी त्रिशलामातेला पडलेली चौदा स्वप्नं : हत्ती, बैल, सिंह, लक्ष्मी, फुलांच्या माळा, चंद्र, सूर्य, ध्वज, कलश, पद्मसरोवर, क्षीरसागर, देवविमान, रत्नांची रास आणि धूर नसलेला अग्नी. पर्युषणात जन्मवाचनाच्या दिवशी ही चांदीची स्वप्नं वरून दोरीने एकेक करून खाली उतरवतात. प्रत्येकाची बोली लागते, बोली तुपाच्या मणांत बोलायची पद्धत आहे. मी पाच वर्षांचा असताना वडिलांच्या खांद्यावर बसून हत्तीला हात लावला होता, थंडगार होता. स्वप्नाला हात लावता येतो यावर माझा त्या दिवसापासून विश्वास आहे.

(वर तुकोबांचं तूप आलं म्हणून आमचंही आठवलं.)

पंचगंगा

चौदा सुपनं, आम्ही दिगंबर, आमच्यात सोळा. मत्स्ययुगुल आणि सिंहासन तुमच्या यादीत नाहीत.

मोजणीदार, हे बघा, एकाच आईच्या स्वप्नाचे दोन नकाशे झाले आणि दोन्ही पूज्य आहेत. तुमच्या पंथातही एखादी शाखा फुटली तर भांडण न लावता दाखवता येईल.

पेठेतला

मातेच्या स्वप्नाचं निघालंच आहे म्हणून, अजिंठ्याच्या दोन क्रमांकाच्या लेण्यात बुद्धाच्या आईचं, मायादेवीचं स्वप्न रंगवलेलं आहे. कलकत्त्याच्या संग्रहालयातल्या भारहुतच्या शिल्पात तर राणी झोपलेली आणि वरून हत्ती उतरतोय, दोन्ही एकाच चौकटीत. झोपलेलं माणूस आणि त्याचं स्वप्न एकाच चित्रात कसं दाखवायचं हे आपल्या कारागिरांनी इसवीसनाच्या आधी सोडवलंय. नकाशा भिंतीवर असावा असं माझं मत.

शेवंती

आणि चित्रलेखा विसरलात! बाणासुराच्या उषेला स्वप्नात एक तरुण दिसला. तो कोण, कुठला, काही माहीत नाही. मैत्रीण चित्रलेखा एकेक करून देव, गंधर्व, माणसं सगळ्यांची चित्रं काढत गेली, आणि अनिरुद्धाचं चित्र आल्यावर उषेने मान खाली घातली. मला तर हीच तुमच्या पंथाची मूळ बाई वाटते. तिने अर्थ सांगितला नाही. 'हा का? हा का?' एवढंच विचारत राहिली.

पीस नदीकाठ

मी कॅनडात, ब्रिटिश कोलंबियाच्या ईशान्य भागात कामाला आहे. धागा वाचून तीन दिवस झाले, नीट लिहावं म्हणून थांबलो होतो.

मोजणीदार, तुम्ही ज्याला काल्पनिक म्हणताय त्याच्या फार जवळ जाणारी माणसं इथे आहेत. डेन-झा हे इथले मूळ रहिवासी, शिकारीवर जगत आलेले. त्यांच्यात स्वप्नद्रष्टे असत. असा माणूस झोपेत वाट चालून यायचा, प्राण्यांच्या वाटा बघून यायचा, मेल्यावर माणूस ज्या वाटेने वर जातो तीही बघून यायचा. परत येताना गाणी आणायचा, आणि वाट चित्रात काढून ठेवायचा, ढोलाच्या कातड्यावरसुद्धा. चार्ली याही हे त्यांतले शेवटचे मानले जातात, ते १९७६ मध्ये वारले.

त्यानंतर थोड्याच वर्षांत या भागातून वायूची मोठी नळवाहिनी टाकायचं चाललं होतं. तेव्हा ह्यू ब्रॉडी हे मानववंशशास्त्रज्ञ इथल्या लोकांच्या शिकारीच्या जागांचे नकाशे करत होते. सुनावणी झाली, साहेब लोक आले, कागदी नकाशे टेबलावर पसरले. बैठक संपत आली तेव्हा गावातल्या म्हाताऱ्यांनी मूस या मोठ्या हरणाच्या कातड्यातलं एक गाठोडं आणून सोडलं. आत घडी घातलेला स्वप्ननकाशा, टेबलभर मोठा, हजारो बारीक रंगीत खुणांनी भरलेला. वर स्वर्ग, ही वाट, ही चुकीची दिशा, इथे जनावरं. एक कोपरा कापलेला होता. ज्याला वाट सापडणार नाही अशी भीती होती अशा एका माणसाबरोबर तो तुकडा पुरला होता.

नकाशा उगाच उघडायचा नसतो हेही त्यांनी सांगितलं. त्या दिवशी उघडला, कारण ही जमीन कुणाची हे कागदावाल्यांना दाखवायचं होतं.

मी सर्वेक्षणाच्याच कामात आहे. रोज उपग्रहावरून अक्षांश-रेखांश घेतो. हे वाचल्यापासून, कुठलीही जमीन मोजताना तिच्यावरून झोपेत कोण चालून गेलं असेल, हे मनात येतंच.

रोखठोक

पीस नदीकाठ, तुमच्या पोस्टने माझं मत थोडं हललं. माझ्या चुलत्याच्या वावरात स्वप्न जमीन घ्यायला आलं होतं, तिथे जमीन राखायला आलं. मोजणीदार, राजाचा माणूस वह्या मागायला येतो तेव्हा काय करायचं त्याचं उत्तर बहुतेक यातच आहे.

चेतापेशी

तो कापलेला कोपरा डोक्यातून जात नाहीये.

मोजणीदार

मलाही नाही. पीस नदीकाठ, मनापासून आभार. तो कोपरा त्यांचा आहे, उचलून माझ्या कादंबरीत चिकटवणार नाही. पण आजोबांच्या वहीत मागे एक पान फाडलेलं आहे, अगदी सरळ, पट्टी लावून फाडावं तसं. त्या कडेकडे आता मी वेगळ्या नजरेने बघतोय. आजी १९८९ मध्ये गेली. ते पान त्यांनी कुठे ठेवलं असेल, याचा विचार कधीच केला नव्हता.

कादंबरीचं आतापर्यंत ठरलेलं लिहितो. पंथ जुन्नरलाच राहील, पण लेण्यात फक्त झोपायचं. स्वप्न सांगायची जागा लेण्याखालच्या वस्तीत, जात्यापाशी. दान, वसुली नाही. नोंद बायका ठेवतील, आणि ओवीत ठेवतील. त्यामुळे राजाचा माणूस येईल तेव्हा त्याला न्यायला काही मिळणारच नाही. अंतर प्रहरांत. भिंत, कापड की कातडं हा प्रश्नच त्यामुळे सुटला असं वाटतं, तरी पेठेतला यांच्या भिंतीचा मोह होतोय.

दिशा मात्र अजून अडलीय. स्वप्नात पूर्व कुठली? आजोबांना कशी कळायची?

आवळकाठी

निजताना डोकं ज्या बाजूला, ती पूर्व धरत असतील का? पूर्वेला किंवा दक्षिणेला डोकं करून निजावं असं आपल्याकडे सांगतातच.

पीस नदीकाठ

आमच्या कामात दिशा नंतर ठरवता येते, आधी एक पक्का बिंदू लागतो. जो बिंदू हलत नाही तो धरायचा आणि बाकीचं त्याच्याभोवती मांडायचं. वहीत कुठली गोष्ट पुन्हा पुन्हा एकाच बाजूला येते ते बघा.

मोजणीदार

बघितलं. एकशे बारा नोंदी आहेत. आईचा आवाज एकतीस नोंदींत येतो, आणि प्रत्येक वेळी पश्चिमेसच. त्यांच्या जुन्या घरात स्वयंपाकघर पश्चिमेला होतं, हे आत्ता आत्याला फोन करून विचारलं.

शेवंती

हे वाचून डोळे भरून आले.

जात्यापाशी

मोजणीदार, आज सकाळी एक गोष्ट केली ती सांगते. सासूबाई चौऱ्याऐंशीच्या आहेत. रोज चहाबरोबर स्वप्न सांगतात आणि आम्ही सगळे 'हो का, हो का' करत आपापली कामं करतो. आज गॅस बंद करून समोर बसले आणि तुमच्या आजोबांसारखं विचारलं, आई, चारी बाजूंना काय काय होतं?

त्या आधी हसल्या. मग डोळे मिटून सांगायला लागल्या. पूर्वेला आमची विहीर, रहाटासकट. दक्षिणेला चिंच. पश्चिमेला धाकटी कमळी दोरीवर परकर वाळत घालतेय, ओला आहे, पाणी गळतंय. मी विचारलं, आणि उत्तरेला?

म्हणाल्या, 'अगं, तिकडे बघितलंच नाही मी. आज बघते.'